मार खाणाऱ्याचंही करिअर असतं

वाचकाचं पत्र :

"वय २२, राहणार वाई. आठवीपासून वुशू (चिनी युद्धकला) करतोय. ताओलूत, म्हणजे एकट्याने सादर करायच्या ठरलेल्या हालचालींत, राज्य पातळीवरची दोन पदकं आहेत. बी.कॉम. झालं, आता बाबा पोलीस भरतीचा फॉर्म भर म्हणून मागे लागलेत. मला सिनेमात जायचंय, पण हिरो व्हायचं नाही. उंची पाच फूट सहा इंच, चेहरा बेताचा आणि विशीतच निम्मं टक्कल पडलंय. हाँगकाँगच्या मारधाडीच्या सिनेमांत हिरोसमोर जे दुसऱ्या-तिसऱ्या नंबरचे फायटर असतात, माझं लक्ष लहानपणापासून त्यांच्याकडेच जातं. असं साहाय्यक काम करून आयुष्य निघतं का? वुशूशिवाय आणखी काय शिकावं लागेल? किती वर्षं करता येईल? सोबत माझा व्हिडिओ जोडलाय, तो कुणाला पाठवू?"
– स. न.

प्रिय स.,

आयुष्य निघतं, पण नुसत्या लाथांवर नाही. ज्यांचं निघालं त्यांच्याकडे लाथेच्या जोडीला आणखी एक-दोन गोष्टी होत्या. त्या कोणत्या, हे तुला नीट कळावं म्हणून जरा सविस्तर लिहितोय.

टकलाची काळजी आधी मिटवू. जेट ली पहिल्यांदा पडद्यावर आला तो १९८२ च्या 'शाओलिन टेंपल'मधून. त्यातल्या बहुतेक प्रमुख लढवय्या भूमिका नटांना नव्हे, तर तुझ्यासारख्या वुशू स्पर्धकांना दिल्या होत्या. त्यांच्यात झेजियांग प्रांताच्या संघातला जी चुन्हुआ होता. जेमतेम विशीतला, डोक्यावर केस नाहीत. त्याला खलनायकाच्या टकलू हस्तकाचं काम मिळालं आणि तीच त्याची ओळख झाली. पुढे नव्वदच्या दशकात हाँगकाँगच्या चित्रपटांत जेट लीसमोर तो पुन्हा पुन्हा खलनायक म्हणून उभा राहिला. २०१८ मध्ये तो वारला तेव्हाही लोकांनी आठवण काढली ती त्या १९८२ च्या चेहऱ्याची. त्याच चित्रपटातला मुख्य खलनायक यू चेंगहुई हाही वुशूचाच माणूस, दोन्ही हातांनी धरायच्या तलवारीतला तज्ज्ञ. सत्तरी ओलांडल्यावर, २०११ सालीसुद्धा, तो एका तलवारपटात पांढऱ्या दाढीचा उस्ताद म्हणून दिसला. तेव्हा केस वाढवायच्या औषधांवर पैसे घालवू नकोस. एकतर पूर्ण तुळतुळीत कर, नाहीतर आहे तसं ठेव. फोटोत मात्र टोपी नको.

आता मुख्य मुद्दा. हाँगकाँगचे ते दुसऱ्या नंबरचे फायटर तुला का आठवतात, याचा कधी विचार केलायस? युएन वाह घे. हाँगकाँगच्या काउलून भागातल्या ज्या चिनी ऑपेरा शाळेत ॲक्शन नट-दिग्दर्शक सामो हंग आणि जॅकी चॅन शिकले, तिथलाच हा विद्यार्थी. तिथे आईवडील मुलाला वर्षानुवर्षांच्या करारावर गुरूच्या हवाली करायचे. जॅकी चॅनचा करार दहा वर्षांचा होता. कोलांट्या, शस्त्रं, गाणं, रंगभूषा, अभिनय सगळं एकत्र शिकवलं जायचं. १९७३ च्या 'एंटर द ड्रॅगन'मध्ये ब्रूस लीच्या कोलांट्या युएन वाहने मारल्या, म्हणजे आपल्याकडच्या भाषेत तो डुप्लिकेट होता. बरीच वर्षं तो असा चेहरा न दिसता काम करत राहिला. ऐंशीच्या दशकाच्या उत्तरार्धात मोठे खलनायक वाट्याला आले, तेव्हा त्याने प्रत्येकाला एखादी लकब दिली. १९८७ च्या 'ईस्टर्न काँडर्स'मधला सेनाधिकारी चष्मा लावतो आणि किनऱ्या आवाजात हसतो. १९८८ च्या 'ड्रॅगन्स फॉरएव्हर'मधला ड्रगमाफिया मारामारीतही तोंडातला चिरूट सोडत नाही. लाथा त्या चित्रपटांत सगळेच मारतात, प्रेक्षकाच्या लक्षात राहिला तो चिरूट. २००४ च्या 'कुंग फू हसल'मध्ये तो चाळीचा मालक झाला आणि २००५ मध्ये त्याला हाँगकाँग फिल्म अवॉर्ड्सचं सर्वोत्कृष्ट साहाय्यक अभिनेत्याचं पारितोषिक मिळालं. तेव्हा त्याचं वय होतं ५४.

दुसरं टोक शी किएनचं. १९४९ पासून वोंग फे-हुंग या कुंग फू गुरूवरच्या कृष्णधवल चित्रपटमालिकेत क्वान तक-हिंग नायक आणि हा खलनायक, अशी जोडी वर्षानुवर्षं चालली. साठीच्या घरात आल्यावर 'एंटर द ड्रॅगन'चा मुख्य खलनायक तोच. उड्या नाहीत, कोलांट्या नाहीत. नजर आणि चाल एवढ्यावर भागवलं. त्या चित्रपटात त्याला आवाजही दुसऱ्याचा, की ल्यूक या नटाचा, दिलेला आहे. हाँगकाँगमध्ये तेव्हा ते चालायचं, कारण अनेक दशकं तिथले चित्रपट आवाजाशिवाय शूट होऊन नंतर डब व्हायचे. तुझं तसं भागणार नाही. मुंबईत २००१ च्या 'लगान'नंतर सेटवरच आवाज घेण्याची पद्धत रुळत गेली. दोन ओळींच्या गुंडालाही त्या दोन ओळी स्वच्छ बोलाव्या लागतात. म्हणून पहिली शिफारस वुशूबाहेरची : पुण्यात किंवा साताऱ्यात एखाद्या हौशी नाट्यसंस्थेत जा आणि राज्य नाट्य स्पर्धेच्या नाटकात मिळेल ते काम कर. हिंदी रोज अर्धा तास मोठ्याने वाच.

आता व्हिडिओबद्दल. अंग लवचीक आहे, तोल उत्तम आहे. पण ज्या सवयींनी तुला पदकं मिळवून दिली, त्यातल्या तीन कॅमेऱ्यासमोर आड येतील.

पहिली, नजर. ताओलूत नजर लांब, क्षितिजावर असते. मारामारीत ती समोरच्याच्या छातीवर आणि डोळ्यांवर हवी. तू हवेशी लढतोयस हे प्रेक्षकाला सगळ्यात आधी तुझ्या डोळ्यांवरून कळतं.

दुसरी, प्रत्येक हालचालीनंतर ठाम थांबणं. हाँगकाँगच्या मारामारीतही थांबे असतात. झटापट, क्षणभर स्थिर, पुन्हा झटापट, हा ठेका ऑपेरातूनच आलेला आहे. पण तिथे सगळे एकत्र थांबतात आणि कुठे थांबायचं ते ॲक्शन डायरेक्टर ठरवतो. तू एकटा मध्येच थांबलास तर समोरच्याचा ताल तुटतो.

तिसरी आणि सगळ्यात अवघड : तू फार सुंदर उतरतोस. साहाय्यक फायटरचं निम्म्याहून जास्त काम म्हणजे मार खाणं. लाथ खाल्लेला माणूस पाय जुळवून उतरत नाही. तुला तोल गेल्यासारखं दिसायचंय, पण प्रत्यक्षात तोल राखायचाय. हे वेगळं शिकावं लागतं.

ते असं. एक जोडीदार, एक मोबाइल, एक ट्रायपॉड. जोडीदाराने चेहऱ्याच्या दिशेने उजव्या हाताचा आडवा ठोसा मारायचा, तुझ्या नाकापासून साधारण वीतभर लांबून. मूठ तुझ्या चेहऱ्यासमोरून एका कडेपासून दुसऱ्या कडेपर्यंत पूर्ण गेली पाहिजे, मधेच थांबता कामा नये. आधी कॅमेरा बाजूला ठेव. मधलं अंतर उघडं दिसेल आणि सगळं खोटं वाटेल. मग कॅमेरा जोडीदाराच्या खांद्यामागे ने. तेच अंतर गायब होईल. टप्प्याने, म्हणजे मधलं अंतर राखून, लढणं म्हणजे काय, ते या दोन क्लिप शेजारी ठेवल्या की कळेल. सेटवर गेल्या गेल्या कॅमेरा कुठे आहे आणि कोणती लेन्स लावलीय, हे बघायची सवय इथूनच लागते. लांब पल्ल्याच्या लेन्सने अंतर आणखी दबतं.

आता प्रतिक्रिया. मूठ ज्या दिशेने जाते त्याच दिशेने आधी हनुवटी वळते, मग खांदे, मग कंबर, शेवटी पाय. नवशिका सगळं धड एकदम वळवतो, दार उघडल्यासारखं, आणि मार लागल्याचं वाटतच नाही. दुसरी चूक, ठोसा यायच्या आधीच पापणी मिटणं. तिसरी, मूठ पुढे निघून गेल्यावर मान वळणं. मूठ चेहऱ्याची मधली रेघ ओलांडते त्याच क्षणी हनुवटी सुटली पाहिजे. निम्म्या वेगाने सुरू कर, मोबाइलवर फ्रेम-फ्रेम करून तपास, चुका गेल्या की पाऊण वेग, मग पूर्ण. रोज वीस मिनिटं पुरे, पण दोन्ही बाजूंनी. डावीकडचा मार खाता न येणारे फायटर बरेच असतात आणि नेमका तोच शॉट येतो.

पडणं हा वेगळा अभ्यास. आधी उकिडवं बसून मागे पडायचं, मग अर्धवट उभं राहून, मग पूर्ण उभं राहून. हनुवटी छातीला, श्वास बाहेर, पाठ गोल, आणि हात अंगापासून सुमारे ४५ अंशांवर जमिनीवर सपाट आपटायचा. तळवा मागे टेकवायचा मोह होतो, त्यात मनगटाचं हाड जातं. हे ज्युडोच्या प्रशिक्षकाकडून शीक, दोन-तीन महिने पुरतात. मॅटवर जमलं म्हणून लगेच डांबरावर करू नकोस; सेटवर कोपर, गुडघा, माकडहाड आणि पाठीचे पॅड कपड्यांखाली घालायचे असतात. अर्ध्या बाह्यांच्या शर्टाखाली कोपराचा पॅड लपत नाही, म्हणून कपडे कोणते आहेत हे आदल्या दिवशीच विचारायचं आणि शक्य तर एक माप मोठं मागायचं.

उलट बाजूने, तू जेव्हा हिरोवर वार करतोस तेव्हा तो खऱ्या रेषेत आला पाहिजे. हिरोला लागेल म्हणून बाजूला मारलास तर त्याचा अडवणारा हात हवेत राहतो आणि हिरो खोटा दिसतो. जोरात मारलास तर दुसऱ्या दिवशी तुला बोलावणं नाही. रेषा खरी, वेग खरा, टप्पा आखूड : फाइट मास्टर पुन्हा बोलावतात ते हे तिन्ही जमणाऱ्याला. पाच जणांच्या मारामारीत तुझी पाळी येईपर्यंत मागे हात वर करून नाचत राहणं हेही नवशिक्याचं लक्षण. एक पाऊल चुकवून जागा बदल, पडलेल्या साथीदाराला ओलांड, वाट शोध. 'ड्रॅगन्स फॉरएव्हर'ची शेवटची, कारखान्यातली मारामारी आवाज बंद करून पाहा आणि जॅकी चॅनकडे अजिबात बघू नकोस. फक्त मार खाणारे बघ. तीनदा पाहिलीस तर आम्ही इथे लिहिलंय त्याहून जास्त कळेल.

आणखी एक कौशल्य कुणी सांगत नाही : दोनदा पाहून लक्षात ठेवणं. हाँगकाँगमध्ये पुष्कळदा मारामारी सेटवरच रचली जायची आणि चार-पाच हालचालींच्या तुकड्यांत शूट व्हायची. मुंबईत मोठ्या चित्रपटांना आधी तालीम मिळते, मालिकांमध्ये मिळतेच असं नाही. म्हणून कुठल्याही चित्रपटातली आठ हालचालींची झटापट घे, दोनदाच बघ आणि लगेच करून दाखव. दुसऱ्या दिवशी तीच उलट्या बाजूने. महिनाभरात फरक पडेल.

व्हिडिओ पुन्हा शूट कर. आत्ताचा तीन मिनिटांचा आहे, एकट्याचा, मैदानाच्या टोकावरून घेतलेला, वर संगीत, मध्ये स्लो मोशन. फाइट मास्टरच्या सहायकाकडे दिवसाला असे कितीतरी येतात, तो वीस सेकंदांत बंद करेल. एकूण ७५ सेकंदांच्या आत बसव. सुरुवातीला पाच सेकंद नुसता चेहरा, समोरून आणि दोन्ही बाजूंनी. मग पंधरा सेकंद मार खाणं, हो, तेच आधी. मग जोडीदारासोबत अर्ध्या मिनिटाची मारामारी, मोबाइल आडवा धरून, दोन कोनांतून, पूर्ण वेगात. एक-दोन पडणं. शेवटी हिंदी आणि मराठीत दोन-दोन ओळी. संगीत नको, इफेक्ट नको. अखेरच्या पाटीवर नाव, उंची, वजन, फोन, येणारी शस्त्रं, पोहणं, दुचाकी, घोडा. येत नसेल ते लिहू नकोस. पाण्यातल्या शॉटला खोटं बोललेलं जिवावर बेततं. फाइल पाठवू नकोस, लिंक पाठव.

कुणाला? फाइट मास्टरला थेट क्वचितच पोचतं. त्यांच्या सहायकांना पाठव. चित्रपटाच्या शेवटच्या श्रेयनामावलीत ॲक्शनखाली त्यांची नावं असतात, ती टिपून ठेव. स्टंट आणि मारामारीच्या कामासाठी मुंबईत मूव्ही स्टंट आर्टिस्ट्स असोसिएशन आहे आणि संवादांच्या भूमिकांसाठी सिंटा ही नटांची संघटना. सभासदत्वाच्या अटी आणि शुल्क स्वतः कार्यालयात जाऊन विचार, पावती घे. 'कार्ड करून देतो', 'रोल पक्का, आधी फोटोशूटचे पैसे भर' म्हणणाऱ्याला एक रुपया देऊ नकोस. कामासाठी पैसे मागणारा काम देत नाही. तुमच्या वाई-मेणवलीला शूटिंगं येतात, 'स्वदेस' आणि 'दबंग' तिथेच झाले; सुट्टीच्या दिवशी लांबून बघायला जरूर जा, कॅमेरा कुठे ठेवतात ते बघ. मात्र गर्दीत उभं राहण्याचं काम म्हणजे या क्षेत्रातला प्रवेश, असं समजू नकोस. तो रस्ता वेगळीकडे जातो.

काम मिळालं की चार गोष्टी व्हॉट्सअ‍ॅपवर का होईना, लेखी घे : शिफ्ट किती तासांची, पैसे किती आणि कधी, उंचावरची उडी किंवा केबलला लटकायचं काम असेल तर जादा किती, आणि लागलं तर दवाखाना कोण भरणार. मालिकांमध्ये ९० दिवसांनी पैसे हा सर्रास रिवाज आहे, त्यामुळे मुंबईत येताना किमान सहा महिन्यांचा खर्च हाताशी हवा. स्वतःचा अपघात विमा काढ आणि फॉर्मवर व्यवसाय खरा लिही. 'विद्यार्थी' लिहून स्टंटमध्ये पाय मोडला तर दावा फेटाळला जाऊ शकतो. विमा कंपन्या हात झटकायच्या म्हणून हाँगकाँगमध्ये जॅकी चॅन आपल्या स्टंट टीमची दवाखान्याची बिलं स्वतः भरायचा. आपल्याकडे २०१७ मध्ये अक्षय कुमारच्या पुढाकाराने स्टंट कलाकारांसाठी विमा योजना आली. असोसिएशनमध्ये गेलास की आज तिच्यात काय मिळतं ते विचार. केबलच्या कामात हार्नेसच्या मांडीच्या पट्ट्या स्वतः तपास, दुसऱ्या माणसाकडून पुन्हा तपासून घे, आणि दोन शॉटच्या मधे लटकत ठेवत असतील तर खाली उतरवायला सांग. त्यात लाज नाही. पायांत रक्त साकळून माणूस बेशुद्ध पडतो.

किती वर्षं? उड्यांची वर्षं पस्तिशीच्या आसपास आटोपतात. पुढची वर्षं कशावर काढायची ते आधी ठरवावं लागतं. हाँगकाँगमध्ये वाट ठरलेली होती : टीममध्ये फायटर, मग ॲक्शन डायरेक्टरचा सहायक, मग एकतर मोठी भूमिका नाहीतर स्वतः ॲक्शन डायरेक्टर. लाम चिंग-यिंग याच वाटेने गेला. सत्तरच्या दशकात स्टंट आणि सहायकाचं काम, १९८१ च्या 'द प्रॉडिगल सन'मध्ये विंग चुन या कुंग फू प्रकाराचा गुरू, आणि १९८५ च्या 'मिस्टर व्हँपायर'मधला एकसलग भुवईचा ताओ पुजारी. त्या पुजाऱ्याने त्याला घराघरात नेलं आणि मग सोडलंच नाही. १९९७ मध्ये वयाच्या चव्वेचाळिसाव्या वर्षी तो गेला तोवर निर्माते त्याच्याकडे तीच टोपी आणि तोच पिवळा झगा घेऊन येत राहिले. साच्यात अडकणं वाईट असं आम्हाला वाटत नाही, साहाय्यक नटाचं घर साच्यावर चालतं. फक्त साचा मिळाला की त्याच काळात दुसरं कौशल्यही वाढव. ऑस्ट्रेलियाचा ब्रॅड ॲलन जॅकी चॅनच्या टीममधला पहिला बिगर-आशियाई. १९९९ च्या 'गॉर्जस'मध्ये तो जॅकीसमोर लढला आणि पुढे हॉलिवूडमध्ये ॲक्शन रचणारा, सेकंड युनिट, म्हणजे चित्रीकरणाचं दुसरं पथक, सांभाळणारा झाला. मुंबईत शाम कौशल यांनी स्टंटमन म्हणून सुरुवात केली आणि दहा-एक वर्षांनी ते ॲक्शन डायरेक्टर झाले. तू आत्तापासून मोबाइलवर मित्रांच्या मारामाऱ्या रचून, शूट करून, स्वतः एडिट करायला लाग. कुठला तुकडा कुठे कापतात हे ज्याला कळतं त्याला सहायक म्हणून लवकर घेतात.

बाबांबद्दल. पोलीस भरती आणि हे काम एकत्र होणार नाही, सरकारी नोकरीत परवानगीशिवाय बाहेरचं काम करता येत नाही. पण भरतीला खुल्या प्रवर्गातही २८ पर्यंत मुभा असते, म्हणजे दोन वर्षं मागून घ्यायला जागा आहे. शासकीय नोकऱ्यांत खेळाडूंसाठी ५ टक्के आरक्षण आहे. तुझी पदकं त्यात बसतात का, ते जिल्हा क्रीडा अधिकारी कार्यालयात प्रमाणपत्रं दाखवून आत्ताच बघून घे, म्हणजे बाबांशी बोलताना हातात कागद असेल. दरम्यान पोटापाण्यासाठी शाळेत किंवा क्लबमध्ये शिकवणी धर. पतियाळाच्या एनआयएसचा (राष्ट्रीय क्रीडा संस्थेचा) प्रशिक्षकांचा सहा आठवड्यांचा सर्टिफिकेट कोर्स असतो, त्यात वुशू आहे का ते अर्जाच्या वेळी बघ. २४ व्या वर्षापर्यंत एकाही फाइट मास्टरकडून दुसऱ्यांदा बोलावणं आलं नाही, तर भरतीचा फॉर्म भर. पहिलं बोलावणं ओळखीनेही येतं, दुसरं फक्त कामाने.

आणि हे सगळं सुरू करण्याआधी गुडघा दाखवून ये. व्हिडिओत दुसऱ्या मिनिटाला हवेत दीड गिरकी घेऊन उतरतोस तेव्हा उजवा गुडघा स्पष्टपणे आत वळतो, पुढच्या दोन्ही उड्यांना तेच. लिगामेंट जायची ही ठरलेली पद्धत आहे. साताऱ्यात अस्थिरोगतज्ज्ञ आणि फिजिओ दोन्ही भेटतील. मांडीच्या मागच्या आणि कुल्ह्याच्या स्नायूंचा व्यायाम लिहून घे, आणि ते हिरवा कंदील देईपर्यंत गिरकीच्या उड्या बंद. तोवर मार खाण्याचा सराव चालू ठेवायला हरकत नाही, त्याला उडी लागत नाही.